गाळलेली दुपार

ग्रंथशाळा, बाहेरची खोली
पानगळीचा तिसरा दिवस, सकाळ

ताईस धाकटीचा नमस्कार.

इकडे सगळं ठीक आहे. तिकडची खुशाली विचारायची सोय नाही, कारण तिकडे म्हणजे माझ्या पाठीमागच्या भिंतीपलीकडे तू बसली आहेस आणि ते दार नऊ दिवस उघडणार नाही. हवा कोरडी आहे. झाडूकाका दोन वेळा जेवण आणून देतात आणि दोन्ही वेळा सांगतात की मी चिमणीएवढं खाते. गेली चाळीस वर्षं ते या ग्रंथशाळेची झाडलोट करतात, त्यामुळे त्यांना कोणालाही काहीही बोलायची मुभा आहे.

हे पत्र तुझ्या हातात पडेल तेव्हा मी कोण हे तुला ठाऊक नसेल, म्हणून आधी ओळख. मी तुझी धाकटी बहीण. तुझ्याहून सात वर्षांनी लहान, तुझ्याहून उंच, आणि आई म्हणायची त्याप्रमाणे तुझ्याहून हट्टी. बाबा मला बोरू म्हणायचे, अंगाने काटकुळी होते म्हणून आणि टोचते म्हणूनही. तू इथली मुख्य लेखनिक आहेस. तुझ्याआधी त्या जागेवर बाबा होते.

तुला आत्ता वाचता येतंय, हात नीट चालतायत, आतले नऊ दिवसही आठवत असतील. त्याआधीची माणसं आणि दिवस तेवढे गेलेत. घाबरू नकोस. मूळपोथीचं पान उतरवणाऱ्या प्रत्येकाचं असंच होतं. पोथी किती जुनी आहे कोणालाच ठाऊक नाही. तिच्या एकेका पानात या जगातली एकेक गोष्ट लिहिलेली आहे, आणि पान झिजून जायच्या आत ते नव्या पानावर उतरवावं लागतं. नाहीतर त्यात लिहिलेलं जगातून जातं. आजोबांच्या वेळी मधमाश्यांच्या पानाला उशीर झाला, तर पश्चिमेच्या डोंगरावर आजतागायत एक मधमाशी दिसत नाही. तू उतरवलंस ते मिठाचं पान. लेखनिकाने जन्मात एकच पान उतरवायचं असतं, कारण पोथी फुकट काही करू देत नाही. उतरवणाऱ्याचं सगळं गेलेलं आयुष्य ती स्वतःकडे घेते.

म्हणून राखणदार लागतो. आत जाण्याआधी लेखनिक जपायच्या गोष्टींची यादी करतो. तिला आपण ठेव म्हणतो. राखणदाराला समोर बसवून यादीतली एकेक गोष्ट सविस्तर सांगायची. बाहेर आल्यावर राखणदार ती परत सांगतो आणि सांगितलेलं माणसाच्या आतून पुन्हा उगवतं, वासासकट, आवाजासकट. मात्र जितकं सांगितलं तितकंच. मग यादी जाळून टाकतात. राखणदाराची शपथ दोन वाक्यांची आहे. झालं ते सारं सांगेन. न झालेलं काही सांगणार नाही. राखणदार लहानपणापासून ओळखणाराच हवा, आणि तुला माझ्याशिवाय कोणी उरलेलं नाही. हे तूच मला सांगितलंस.

पद्धत समोर बसून सांगायची आहे. मी लिहून देतेय, कारण तुझ्या समोर बसले तर तुझा तो भांबावलेला चेहरा बघून मी नको तिथे मऊ पडेन. वाचूनही उगवतं. ते मला कसं कळलं हे पुढे येईल.

तुझ्या यादीत एक्केचाळीस गोष्टी आहेत. सुरुवात करते.

आईची डाव्या हाताची करंगळी वाकडी होती, दारात चेमटलेली. ती गोंद ढवळताना गाणं म्हणायची आणि तिला सूर लागत नसे. आपल्याला सूर लागत नाही हे तिला पक्कं माहीत होतं, तरी म्हणायची. तू बारा वर्षांची आणि मी पाच वर्षांची असताना ती तापाने गेली. त्यानंतर माझी वेणी तू घालायचीस, इतकी घट्ट की शाळेत सगळे विचारायचे, तू रागावली आहेस का?

तू मला नदीत पोहायला शिकवलंस. शिकवलंस म्हणजे ढकललंस. मग कपड्यांसकट स्वतः उडी मारून मला वर काढलंस आणि घरी बाबांना सांगितलंस की मी घसरले. बाबांनी तुला शाबासकी दिली. खोटं बोलायला तुझी जीभ तेव्हापासून सरावलेली आहे, आणि तरी सांगते, त्या दिवशी तुझ्या गळ्याला मी जी मिठी मारली होती तशी मी नंतर कोणालाच मारली नाही.

शाई उकळताना तिसऱ्या उकळीला भांडं उतरवायचं, चौथीला नाही.

तुझा नवरा घड्याळं दुरुस्त करायचा. बुटका, हसरा माणूस. उजव्या डोळ्याला सतत भिंग लावून त्या बाजूची भुवई कायमची वर चढलेली, त्यामुळे त्याला सगळ्याचंच नवल वाटतंय असं दिसायचं. तुमचं भांडण झालं की तो घरातली सगळी घड्याळं एक तास पुढे करायचा, म्हणजे भांडण तेवढंच जुनं व्हावं. चार वर्षांपूर्वी तो छातीच्या दुखण्याने गेला. तुमच्या घरात अजून अकरा घड्याळं आहेत आणि तू ती चालू ठेवतेस.

आज इतकंच. हात दुखायला लागला. सोळा वर्षांनी एवढं लिहितेय.

पानगळीचा सातवा दिवस, सकाळ

मधल्या दिवसांत बत्तीस गोष्टी लिहून झाल्या. त्यांचे कागद वेगळे जोडलेत, ते आधी वाच. त्यातच तेराव्या क्रमांकाला बाबांचं आणि माझं भांडण आहे. ते तू मोठ्या तपशिलाने ठेवलं होतंस, मीही तसंच परत केलंय. बाबांनी तरुणपणी विहिरींचं पान उतरवलं होतं. ओळींच्या जुन्या मोजणीशी ताडून पाहताना मला त्यात एक ओळ कमी सापडली. कुंभारांच्या गल्लीतली विहीर त्याच साली आटली होती. मी हे भर ग्रंथशाळेत, सगळ्या लेखनिकांसमोर बोलले. तेवीस वर्षांची होते, अक्कल थोडी आणि आवाज मोठा. बाबा म्हणाले, "चालती हो." तीन वर्षं आम्ही एकमेकांशी बोललो नाही. इथपर्यंत तुझ्या यादीत आहे.

आता एक कबुली. तुझा घड्याळजी गाळायचा असा माझा बेत होता. तो पत्रात आलाय ते बेत बदलल्यामुळे. तू त्या अकरा घड्याळांमध्ये उभी राहून हा पसारा कोणाचा म्हणून विचारत फिरावंस, ही कल्पना मी महिनाभर गोळी चघळावी तशी तोंडात घोळवली. मला त्याची लाज वाटत नाही.

तू माझ्याकडे आलीस तो दिवस तुझ्याकडे आता नाही. तो मी देते.

मी इथून दोन दिवसांच्या वाटेवर, एका पुस्तकबांधणीच्या दुकानात काम करते. फाटके शब्दकोश, शाळेच्या वह्या, मोडक्या पाठीची पुस्तकं. खळीचं भांडं, दाभण, दोरा आणि दाबाचा लाकडी शिकंजा, एवढाच माझा संसार. दोन महिन्यांपूर्वी तू दारात उभी राहिलीस. सोळा वर्षांत पहिल्यांदा. केस पांढरे झालेले, गुडघ्याला पट्टा, हातात कापडात गुंडाळलेली यादी.

"बोरू, अगं ऊठ तरी. ताई आलीय."

"शिवण मध्येच सोडली की दोरा सैल पडतो," मी म्हटलं. "बस तिथे."

तू रद्दीच्या गठ्ठ्यावर बसलीस. आधी तब्येत, मग माझं दुकान किती नीटनेटकं आहे ते, मग मुद्दा. "मिठाचं पान झडायला लागलंय गं. आता मला टाळता येत नाही."

"मग उतरव."

"राखणदार नको का? तुझ्याशिवाय कोण आहे मला?"

"झाडूकाका आहेत की."

"त्यांना माझं काय माहीत? त्यांनी माझे जिनेच पाहिलेत," म्हणून तू हसलीस. मग माझ्या गुडघ्यावर हात ठेवून म्हणालीस, "तुझ्या वेळी मी बसलेच होते ना? तेव्हा मी नाही म्हटलं का?"

ताई, तुझ्या धाडसाला तोड नाही. माझ्या हातातलं दाभण सरळ बोटात गेलं. तू फुंकर घालायला पुढे झालीस. मी हात मागे घेतला आणि म्हटलं, "येते." तुझ्या चेहऱ्यावर इतकं हायसं पसरलं की तुला वाटलं असेल, हिला काहीच ठाऊक नाही.

तू यायच्या तीन आठवडे आधीपासून मला सगळं ठाऊक होतं.

पानगळीचा अकरावा दिवस, दुपार

उद्या सकाळी तू बाहेर येशील. आता टाळाटाळ पुरे.

पान उतरवून झालं की जुनं पान कोरं पडतं आणि वरच्या मजल्यावरच्या पेटीत जातं. लेखनिकाचं घेतलेलं आयुष्य कधीतरी त्या कोऱ्या पानावर उमटतं असं जुने लोक म्हणायचे. पाहिलेलं मात्र कोणी नव्हतं. पाहणार कसं? पेटीला ओल लागू द्यायची नाही, ही आपल्या घराण्याची सात पिढ्यांची शिस्त. या पावसाळ्यात छप्पर गळलं, पेटी भिजली. तुला गुडघ्यामुळे जिना चढवेना, म्हणून तू झाडूकाकांना पानं उन्हात घालायला सांगितलंस. ओल लागल्यावर पानावर अक्षरं येतात हे तुला माहीत नव्हतं. तुला माहीत असतं तर तू गुडघ्यांवर सरपटत वर गेली असतीस.

काकांनी ते एक पान नळकांड्यात घालून मला पाठवलं. सोबत चिठ्ठी होती. "पोरी, हे तुझं अक्षर आहे. मी वाचायला नको होतं. वाचलं."

मी ते दुकानात उभ्याउभ्या वाचलं आणि ती दुपार माझ्यात उगवली. मी खळीच्या भांड्यावर ओणवी झाले आणि बराच वेळ सरळ होता आलं नाही. मालकीणबाईंना वाटलं, मला घेरी आली.

तुझ्या यादीत तेरावीनंतर चौदावी येते आणि ती आहे थेट तुझ्या लग्नाची. मधली गोष्ट तू ठेवलीच नाहीस. पोथी ती घेऊन जाईल आणि तू हलकी होऊन बाहेर येशील, असा तुझा हिशेब. झालं ते सारं सांगेन, अशी शपथ मी घेतली आहे. तेव्हा ही घे.

मी सव्वीस वर्षांची. नदीचं पान उतरवायला तीन दिवसांनी आत जायचं होतं. बाबा महिनाभर अंथरुणाला खिळलेले, आणि तू स्वतः मला निरोप द्यायला आलीस की ते बोलावतायत. ते खिडकीशी उशीला टेकून बसले होते. मी दारातच घुटमळले. ते म्हणाले, "बोरू, नखं काप माझी. तुझी ताई मांसासकट कापते." तू दारात उभी होतीस आणि तू हसलीस. मी शेजारी बसून त्यांच्या हाताची नखं कापायला घेतली. उजव्या अंगठ्याच्या नखाखाली शाई होती, ती चाळीस वर्षांत निघाली नव्हती.

मध्येच ते म्हणाले, "ओळ मीच गाळली. सहाव्या दिवशी माझा डोळा लागला. जाग आली तेव्हा बोट पुढच्या ओळीवर होतं. मला तेव्हाच कळलं होतं. तू म्हणालीस ते खरं होतं."

मी पुढचं बोट हातात घेतलं. करंगळीचं नख राहिलं होतं.

"तीन वर्षं स्वतःची चूक तुझ्या माथी मारून हिंडलो," ते म्हणाले. "माझ्यामागे त्या जागेवर तू बस. चूक दिसली की तोंड उघडणारं माणूस तिथे हवं." मग त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि तुझ्याकडे बघितलं. "ऐकलंस ना गं?"

तू म्हणालीस, "ऐकलं, बाबा."

हे "ऐकलं, बाबा" तुझ्याच आवाजात परत करतेय. नीट घे. तुझा पाय उंबरठ्यावर होता आणि खिडकीतून ऊन येत होतं.

माझ्या यादीत ती दुपार पहिली होती, आईच्याही आधी. मी तुला ती दोन तास सांगितली, रडत, हसत, त्यांच्या आवाजाची नक्कल करत. मी आत गेले आणि पाचव्या दिवशी बाबा गेले. नवव्या दिवशी मी बाहेर आले आणि तू समोर बसलीस. आई दिलीस, नदी दिलीस, भांडण दिलंस. त्या दुपारचं अक्षरही काढलं नाहीस. मी विचारलं, "आणि बाबा?" तू माझे दोन्ही हात हातात घेतलेस. "बाबा गेले गं. त्यांनी शेवटपर्यंत तुझं तोंड पाहिलं नाही."

मी त्याच दिवशी गाव सोडलं. त्यांची खोलीसुद्धा पाहिली नाही. तू मला वेशीपर्यंत सोडायला आलीस, गळ्यात पडून रडलीस आणि परत जाऊन त्यांच्या जागेवर बसलीस. सोळा वर्षं रोज सकाळी तोंड धुताना मला ऐकू यायचं, "चालती हो." मी लेखणी टाकली. कोणाशी लग्न केलं नाही, कारण ज्याला जन्मदात्याने शेवटच्या घटकेलाही जवळ केलं नाही ते माणूस कोणाच्या घरात काय घेऊन जाणार, असं मला वाटायचं. एका जागेसाठी, ताई. एका लाकडी बैठकीसाठी.

आता घड्याळजी का गाळला नाही ते सांगते. दया आली म्हणून नाही. गाळलेलं दुखत नाही, हे मला माझ्यावरूनच कळलं. ती दुपार मला सोळा वर्षांत एकदाही दुखली नाही, मला ती होती हेच माहीत नव्हतं. तुझ्यातून काही काढून घेतलं असतं तर तू सुखाने विसरली असतीस. तुझं वाटोळं करायचं तर तुला सगळं द्यायला हवं होतं. म्हणून मी एकही गोष्ट कमी केली नाही. आई चांगली आठवावी, नदीतली उडी चांगली आठवावी, नवऱ्याचं हसू चांगलं आठवावं, आणि या सगळ्यांच्या मधोमध ती दुपार बसलेली असावी. तुझ्याजवळ आता ती माझ्याहून ताजी आहे. माझी पावसाळ्यात उगवलेली, तुझी आजची.

काल सकाळी मी ते पान सगळ्या लेखनिकांसमोर वाचलं. भर ग्रंथशाळेत, जिथे मी बाबांची चूक बोलले होते तिथेच. यावेळी आवाज मोठा करावा लागला नाही. मग सगळ्यांत जुन्या लेखनिकाने उठून बाबांच्या बैठकीवरची तुझी उशी काढली आणि घडी घालून कोपऱ्यात ठेवली. हे पत्र मी तिथेच बसून लिहितेय. बैठक फार टणक आहे. तू इतकी वर्षं कशी बसलीस कोण जाणे.

उरलेल्याही जोडकागदांत लिहून चाळीस झाल्या. आता यादीतली शेवटची, एक्केचाळिसावी.

ती तू वेगळ्या शाईने लिहिली आहेस, माझ्याकडे येताना गाडीत बसून लिहिली असावीस, अक्षर हललेलं आहे. बाकीच्या गोष्टी तू मला तासन्‌तास सांगितल्यास. या ओळीवर आलो तेव्हा खिडकीबाहेर बघत म्हणालीस, "ही नुसती वाच. हिच्यात सांगण्यासारखं काही नाही."

ओळ अशी आहे: "धाकटीने मला माफ केलं."

म्हणजे तुझ्या मनात सगळं लख्ख होतं. तुला गुन्हा विसरायचा होता आणि माफी आठवायची होती. माझ्याकडे मागायची मात्र नव्हती. ती मीच तुझ्यात पेरावी, गुपचूप, म्हणजे उद्या तू बाहेर येऊन मला मिठी मारशील आणि का मारतेय हे तुलाही कळणार नाही. मी चार वाक्यं लिहिली असती तर ते उगवलंही असतं. मी तुझ्या पाठीवर हात फिरवल्याचं तुला जाणवलं असतं, आणि उरलेलं आयुष्य तू स्वस्थ झोपली असतीस. खोटं सांगत नाही, बोरू शाईत बुडवून मी हात कागदावर धरला होता. शाई वाळून गेली, पुन्हा बुडवला.

ते मी तुला देत नाही. तसं काही झालेलं नाही.

तुला हवं असेल तर मागावं लागेल, तोंडाने, माझ्यासमोर उभं राहून, आणि मी नाही म्हणायची शक्यता धरून. काका तुला हे पत्र देतील त्या खोलीला दोन दारं आहेत. उजवीकडचं अंगणात उघडतं, तिथे तुला घरी न्यायला गाडी उभी करायला सांगितली आहे, घड्याळांना चावी द्यायची किल्ली गाडीवानाकडे आहे. डावीकडचं या बैठकीच्या खोलीत, माझ्याकडे येतं. तू कुठल्या दाराने जाशील याची मला काळजी नाही असं मी आठ दिवस स्वतःला बजावतेय. आता काहीही न विसरता, सगळं माहीत असताना, तू ठरव. माझ्या वेळी तू मला ठरवू दिलं नव्हतंस.

माफ न करता,
डावीकडच्या खोलीत बसलेली
तुझी धाकटी